व्हिलिए चौक आणि एरिक रोमेरचा जमाखर्च

पॅरिस मेट्रोच्या २ आणि ३ नंबरच्या लाइन व्हिलिए स्टेशनात भेटतात. जिना चढून वर आलं की एकीकडे बुलव्हार द कुरसेल, दुसरीकडे बातिन्योल आणि उत्तरेला ऱ्यू द लेव्हीचा बाजार: चीज, मासळी, फुलं. फ्रेंच दिग्दर्शक एरिक रोमेरच्या ‘नीतिकथा’ या सहा चित्रपटांच्या मालिकेतली पहिली, ‘ला बुलांजेर द मोंसो’, या चौकाचे रस्ते मोजतच सुरू होते. निवेदक पाहुण्याला पत्ता समजावतोय असंच वाटतं.

जेमतेम २३ मिनिटांचा, १६ मिमी फिल्मवरचा हा कृष्णधवल लघुपट. आवाज जागेवर रेकॉर्ड केलाच नाही. त्यामुळे ध्वनिमुद्रणाची माणसं नकोत, रहदारी थांबवायला नको. मग ओठ जुळवायची कटकट येते. पण कथाच नायकाच्या निवेदनातून पुढे सरकते, म्हणून तीही बरीचशी टळली. नायक झाला बार्बे श्रोडर, म्हणजे खुद्द निर्माता, आणि त्याला आवाज दिला बेर्त्राँ ताव्हेर्निएनं.

ही काटकसर ठेच लागल्यावर आलेली. रोमेरचा पहिला मोठा चित्रपट १९५९ साली चित्रित होऊन १९६२ साली कसाबसा थिएटरात पोचला आणि पडला. त्याच वर्षी श्रोडरबरोबर ‘ले फिल्म द्यु लोझांज’ ही चित्रपट निर्मिती कंपनी निघाली. १९६३ साली ‘काइए द्यु सिनेमा’ या सिनेमासिकाचं संपादकपद गेलं; मग शालेय दूरचित्रवाणीचे कार्यक्रम करून घर चाललं. (खरं नाव मोरिस शेरेर. मुलगा सिनेमे काढतो हे त्याच्या आईला शेवटपर्यंत कळलं नाही म्हणतात!)

फ्रान्समध्ये सिनेमाच्या तिकिटावर १०.७२ टक्के कर असतो. दहा युरोंच्या तिकिटातला एक युरो सात सेंट ‘सेएनसे’ या सरकारी सिनेमा केंद्राकडे जातो. तिथली समिती पटकथा वाचून बिनव्याजी आगाऊ रक्कम देते आणि ती चित्रपटाच्या कमाईतून फेडायची असते. सोय उत्तमच, पण समितीला पटकथा पटेपर्यंत हात बांधलेले. रोमेरनं खर्चच इतका खाली आणला की कुणाच्या होकारावाचून फारसं अडू नये.

वाचवला तो मुख्यतः कच्च्या फिल्मचा पैसा. ३५ मिमीवर एका मिनिटाला सुमारे २७ मीटर फिल्म लागते, १६ मिमीवर ११. तरी चौथी नीतिकथा ‘ला कोलेक्स्योनोज’ ३५ मिमीवर, रंगीत झाला, कारण आधी भरपूर तालीम आणि मग शक्यतो एकच टेक. कॅमेरामन नेस्तोर आल्मेन्द्रोसनं जमेल तिथे नैसर्गिक उजेडावर भागवलं. एक टेक म्हणजे संकलनाला पर्याय नाही. शब्द अडखळला तर बहुधा तो तसाच राहणार. म्हणून रोमेर नटांशी आधीच तासन् तास गप्पा मारायचा, त्यांच्या बोलण्याची ढब संवादात उतरवायचा आणि मग स्वल्पविरामही हलू द्यायचा नाही.

वेळेची मात्र उधळपट्टी. तिसरी नीतिकथा ‘मा न्युई शे मोद’ क्लेरमों-फेराँ या शहरात नाताळातच चित्रित व्हायला हवा होता. नायक जाँ-लुई त्रँतिन्याँ मोकळा नव्हता, तर स्वारी वर्षभर थांबली. त्यामुळे चौथी नीतिकथा तिसरीच्या आधी झाली, १९६७ साली बर्लिनचं रौप्य अस्वलही घेऊन आली.

‘ल रेयों व्हेर’ (हिरवा किरण) या चित्रपटात मात्र त्यानं स्वतःचाच नियम मोडला. संवाद बहुतांशी आयत्या वेळचे, कॅमेरा १६ मिमी, चमू हाताच्या बोटांवर मोजण्याइतका. १९८६ साली चित्रपट थिएटरच्या तीन दिवस आधी कनाल प्लुस वाहिनीवर दाखवला. थिएटरवाल्यांच्या दृष्टीनं हा आततायीपणाच, पण वाहिनीच्या पैशानं खर्चाचा भार हलका झाला. त्याच वर्षी व्हेनिसचा सुवर्णसिंह मिळाला.

शेवटच्या दृश्यात सूर्य बुडताना क्षणभर चमकणाऱ्या त्या हिरव्या किरणानं मात्र दमवलं. तो वेगळ्या कॅमेरामनकडून नंतर कॅनरी बेटांवर टिपून घ्यावा लागला. मावळत्या सूर्याचे रंग हवेत कमी-अधिक वाकतात. लाल कडा आधी बुडते, हिरवी सेकंद-दोन सेकंद मागे उरते. निळा हवेतच विखुरतो. क्षितिजावर धूळ, बाष्प किंवा ढगाची रेघ असली की संपलं.

रत्नागिरी-मालवणकडे सूर्य थेट समुद्रात बुडतो, तेव्हा तिथेही बघायला हरकत नाही. पाऊस सरल्यावरची स्वच्छ संध्याकाळ निवडा. बिंब नखाएवढं उरेपर्यंत नजर दुसरीकडे ठेवा, नाहीतर दिपलेल्या डोळ्यांना भलतंच हिरवं दिसेल. दुर्बिणीतून तर सूर्याकडे मुळीच बघू नका.