जळालेल्या गावाचा अल्बम

काल रात्री नॉर्वेजियन दिग्दर्शक क्नूट एरिक येन्सेनची 'स्टेला पोलारिस' परत बघितली आणि आज ऑफिसात दिवसभर तीच डोक्यात होती, म्हणून आता लिहून काढतेय. १९९३ची फिल्म आहे, नॉर्वेच्या पार उत्तर टोकाला फिनमार्क म्हणून जिल्हा आहे, तिथल्या समुद्रकाठच्या एका मासेमारी गावाची. गोष्ट म्हणावी तर फारशी नाहीच. एक बाई आहे, तिला लहानपणापासूनचं आठवत जातं, बंदर, मासे, प्रेम, मग युद्ध, आग, नव्याने उभी राहिलेली घरं आणि मग हळूहळू ओस पडत गेलेलं गाव, आणि हे सगळं जवळजवळ न बोलता. कोणी काही समजावून सांगत नाही, आपण नुसतं बघत राहायचं.

येन्सेन तिथलाच आहे. जन्म १९४०चा, गाव होनिंग्सवोग, मागेरोया बेटावर. हे बेट म्हटलं की बाहेरच्या लोकांना फक्त नॉर्थ केप माहीत, तो ३०७ मीटरचा कडा, उन्हाळ्यात मध्यरात्रीचा सूर्य बघायला येणाऱ्या बसेस. पण याच बेटावर नोव्हेंबरच्या उत्तरार्धापासून जानेवारीच्या उत्तरार्धापर्यंत सूर्य वर येतच नाही आणि तेव्हाही लोक होड्या काढतात, मुलं शाळेत जातात. येन्सेनला या माणसांचं पडलेलं आहे, आणि म्हणून तो मला इतका आवडतो.

१९४४च्या ऑक्टोबरात, नॉर्वे जर्मनांच्या ताब्यात असताना, सोव्हिएत फौजा पूर्वेकडून आत घुसल्या तेव्हा जर्मन सैन्य मागे हटता हटता सगळं जाळत गेलं, पाठलाग करणाऱ्यांना डोकं टेकायला छप्परसुद्धा मिळू नये म्हणून. घरं, गोठे, धक्के, होड्या, काही म्हणजे काही ठेवलं नाही. १०,०००हून जास्त घरं गेली. सुमारे ५०,००० लोकांना जबरदस्तीने दक्षिणेला हलवलं आणि २५,००० च्या आसपास लोक तिथेच लपून राहिले, गुहांमध्ये, मातीच्या झोपड्यांमध्ये, तेही आर्क्टिकच्या हिवाळ्यात, लेकराबाळांना घेऊन. होनिंग्सवोगमध्ये फक्त चर्च उभं राहिलं, १८८५चं. युद्धानंतर लोक परत आले ते आधी त्या चर्चमध्येच राहिले, ब्रेडही तिथेच भाजायचे. गाव जळलं तेव्हा येन्सेन जेमतेम चार वर्षांचा होता.

मला सारखे फोटोच आठवतात. आपल्याकडे ट्रंकेच्या तळाशी आजीच्या लग्नाचा एखादा तरी फोटो असतो, कडा वाळवीने खाल्लेल्या का असेनात. तिथे किती घरांचे सगळेच फोटो एका शरद ऋतूत राख झाले, आई लहानपणी कशी दिसायची, आजोबांची होडी कुठली, दाखवायला काहीच नाही. म्हणून मला मनापासून वाटतं की हा माणूस फिल्म करताना तो गेलेला अल्बम परत भरतोय, एकेक पान. त्याच्या कॅमेऱ्याला घाई नाही ती त्यामुळेच. हात, चेहरे, पाणी, लाकडी भिंत, प्रत्येकावर तो थांबतो.

काही लोकांना ती फिल्म रटाळ वाटते. मला ते अजिबात पटत नाही. ज्यांनी इतकं सोसलं ती माणसं बसून भाषण देत नाहीत, मग फिल्मने तरी का द्यावं?

आणि याच माणसाने २००१ मध्ये 'हेफ्टिग ओग बेगाइस्ट्रेट' केली, फिनमार्कमधल्याच बेर्लेवोग गावच्या पुरुषांच्या गायकवृंदावर! बेर्लेवोग बेट नाही, पण हिवाळ्यात डोंगरातला रस्ता बर्फाने बंद झाला की बेटासारखंच, उरतं ते बोटीने नाहीतर छोट्या विमानाने जाणं. कोळी, कामगार, नव्वदी ओलांडलेले आजोबा, सगळे हिमवादळात उभे राहून गातात, दाढीमिशांवर बर्फ जमलेला आणि सूर सोडत नाहीत. मी दर वेळी रडते. नॉर्वेत थिएटरला जाऊन ती ५ लाखांहून जास्त लोकांनी बघितली, देशाची लोकसंख्या तेव्हा ४५ लाख. एका गावच्या कोरसची डॉक्युमेंटरी! राजधानीतल्या कोणी येऊन ती केली असती तर तिकडच्या लोकांची गंमत केली असती असं मला वाटतं. येन्सेन त्यांच्याकडे घरच्यासारखा बघतो, त्यांच्या लफड्यांकडे, आजारपणाकडे, राजकारणावरच्या भांडणाकडेसुद्धा.

त्याची १९९७ची 'ब्रेंट आव फ्रॉस्ट' अजून बघायची आहे, सोव्हिएतांच्या बाजूने हेरगिरी करणाऱ्या फिनमार्कच्या कोळ्यांवरची. नाझींशी लढले आणि नंतर शीतयुद्धात स्वतःच्याच देशाने त्यांच्यावर पाळत ठेवली. राजा हाराल्डने त्यांचा मान राखला तो थेट १९९२ मध्ये, तोवर त्यातले कित्येक जण गेलेही होते. शनिवारी प्रियाला घरी बोलावलंय, तिच्याबरोबर बघणार, आणि आधीच सांगून ठेवलंय की फोन बाहेरच्या खोलीत ठेवायचा.