निशाणी 5 आणि 22 कलमं

2021 च्या नोव्हेंबरात, सकाळी साडेसहाला नानांचा फोन आला. "तुमच्या बागेत जेसीबी लागलो हा गो. बेगीन ये." नाना आमच्या सिंधुदुर्गातल्या बागेचे राखणदार. एका वाक्याच्या वर फोनवर बोलत नाहीत, म्हणून जास्त घाबरले. रात्री ठाण्याला कोकणकन्या पकडली, कणकवलीपर्यंत दाराशी उभी.

जाऊन बघते तर रस्त्याकडचा गडगा, म्हणजे दगडी कुंपण, पाडलेला, सिमेंटचे खांब, काटेरी तार. तारेच्या आत आमची 22 हापूस कलमं, त्यातली 3 बुंध्यातून कापलेली. चीक अजून ओला होता.

जमीन आजोबांची, 96 आर. खाली रस्ता, वर सडा, म्हणजे कातळाचा माळ. त्यांना चार मुलगे, मुलगी नाही. आज सातबाऱ्यावर 21 नावं, सगळी सामाईक. माझ्या एका चुलत भावाने बाहेरच्या पार्टीला खरेदीखत करून दिलं होतं. त्याच्या वडिलांचा चौथा हिस्सा म्हणजे 24 आर, त्यात सख्खी बहीण वाटेकरी, म्हणजे त्याच्या वाट्याला 12. खतात मात्र पुरे 24, आणि वर चतुःसीमा, म्हणजे चारही बाजूंच्या हद्दी: पश्चिमेस डांबरी रस्ता. बहिणीची सही कुठेच नाही.

पोलिसांत गेले. अदखलपात्र नोंद झाली आणि ठरलेलं वाक्य ऐकलं: "दिवाणी मामला आहे, ताई." शेजारच्या गुजरातने 2020 मध्ये जमीन बळकावण्याविरुद्ध वेगळा कायदा केला, विशेष न्यायालयांसकट. आपल्याकडे वकील गाठायचा.

वकिलांसमोर मी आजोबांच्या काळापासूनचे उतारे आणि फेरफार, म्हणजे नावं बदलल्याच्या नोंदी, मांडल्या. त्यांनी गठ्ठा बाजूला सारला. "मालकीचं नंतर बघू. जेसीबी आला त्या दिवशी ताबा कोणाचा होता, तेवढं दाखवा."

हे मला झेपलंच नाही. जमीन आमची आहे हे जगजाहीर, आणि हा माणूस ताबा काय विचारतो? मग त्यांनी समजावलं. सातबारा हा मुळात महसुलाचा कागद. त्यातली नोंद खरी धरतात, पण उलट सिद्ध होईपर्यंतच. निव्वळ फेरफाराने कोणी मालक होत नाही. उलट, राहत्या ताब्यातून कोणी बेकायदा हुसकावलं आणि सहा महिन्यांच्या आत दावा लावला, तर विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 6 खाली कोर्ट मालकी बघतसुद्धा नाही, आधी ताबा परत देतं. आमचा दावा त्याहून मोठा होता: खरेदीखत आमच्यावर बंधनकारक नाही असं जाहीर करा, सरसनिरस, म्हणजे जमिनीची प्रत बघून, वाटप करा, कायमची मनाई द्या. तरी पहिली लढाई ताब्याचीच. तिचं कोर्टातलं नाव निशाणी 5, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा अर्ज. वकिलांच्या तोंडी दिवसभर "पाचचं काय झालं?" एवढंच.

मी डोंबिवलीत राहणारी बाई. ताबा दाखवायचा कसा? घरभर शोधाशोध केली. वाशीच्या आडतदाराच्या विक्रीच्या हिशेबपट्ट्या निघाल्या, सलग सात हंगामांच्या, माझ्या नावाच्या, पेट्यांच्या आकड्यासकट. नानांचा पगार मी बँकेतून पाठवते, ते उतारे. फवारणीच्या औषधांची बिलं, एकावर चहाचा डाग. आणि सगळ्यांत भारी निघाली ती ई-पीक पाहणी, म्हणजे पिकाची नोंद आपणच मोबाइलवरून करायची सरकारी सोय. त्याच वर्षी ऑगस्टात ती सुरू झाली होती, आणि नानांच्या मुलाने हौसेने ॲपवर आमच्या कलमांचा फोटो चढवला होता. जेसीबीच्या दोन महिने आधी! त्या पोराला मी अजून नीट साडेतीन किलोचा केकसुद्धा दिलेला नाही.

एकतर्फी मनाई मिळेल ही आशा पहिल्याच दिवशी संपली. समोरच्यांनी कॅव्हेट टाकून ठेवलं होतं, म्हणजे त्यांना ऐकल्याशिवाय हुकूम नाही. तयारीने आलेली मंडळी होती. कोर्टाने कमिशनर नेमला, जागेची स्थिती बघून अहवाल द्यायला. तो माणूस चपला हातात घेऊन बागेतून फिरला, बुंधे मोजले, सुतळीने घेर घेतला. करवंदीच्या जाळीत नानांनी कोयत्याने वाट केली तेव्हा जुन्या गडग्याचा पाया उघडा पडला, शेवाळलेला. कमिशनरने कागदावर एक रेघ ओढली. बाकी काही बोलला नाही.

समोरच्यांचा बचाव असा की घरात तोंडी वाटप केव्हाच झालंय, ज्याची त्याची वहिवाट वेगळी आहे. आणि खरं सांगायचं तर वहिवाट वेगळी होतीच. एक काका खालचं बघायचे, एक मधलं, त्या चुलत भावाचे वडील सड्यावरच्या काजू. मी घाबरले, हे कबूल केलं तर बुडालो. वकील मात्र खुशीत. युक्तिवादात म्हणाले, "वाटप झालं म्हणत असाल तर तुमच्या विक्रेत्याचा वाटा सड्यावर. झालं नाही म्हणत असाल तर ही पश्चिमेची चतुःसीमा आली कुठून?" सोबत सर्वोच्च न्यायालयाचा 2009 चा रामदास विरुद्ध सीताबाई हा निवाडा दिला: अविभक्त हिस्सा विकत घेणाऱ्याला वाटपाशिवाय ताबा मिळत नाही. न्यायाधीश साहेबांनी मान वर करून प्रतिवादीच्या वकिलांकडे बघितलं. ते पानं उलटत राहिले.

मार्चमध्ये 'जैसे थे'चा हुकूम झाला: बांधकाम नाही, तोड नाही, पुढे विक्री नाही. तार तशीच राहिली, पण फाटकाचं कुलूप काढावं लागलं. मेमध्ये आंबा आम्हीच उतरवला.

मधल्या काळात तिकडे खरेदीदाराच्या नावाचा फेरफार मंजूर झाला. नोटीस गावच्या बंद घरावर गेली होती, 15 दिवसांची हरकतीची मुदत टळली. मी रडकुंडीला आले, वकिलांनी साठ दिवसांच्या आत प्रांतांकडे अपील लावलं, ते अजून तिथेच आहे. मनाईविरुद्धचं समोरच्यांचं अपील ओरोसला जिल्हा न्यायालयात फेटाळलं गेलं.

मूळ दावा चालू आहे. हिस्से ठरले तरी शेतजमिनीचं प्रत्यक्ष वाटप दिवाणी कोर्ट करत नाही, हुकूमनामा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 54 खाली कलेक्टरकडे जातो, मग मोजणी, मग कच्चा नकाशा. म्हणजे अजून किती वर्षं, ते मी मोजणं सोडलंय.

गेल्या तारखेला माझी उलटतपासणी झाली. "तुम्ही गावात वर्षातून किती दिवस राहता?"

"गणपतीत सहा, मेमध्ये दहा."

"म्हणजे साडेतीनशे दिवस तुम्ही तिथे नसता?"

"नसते. नाना असतात."

स्टेनोने विचारलं, नाना म्हणजे पूर्ण नाव काय? ते सांगून झालं, तोवर जेवणाची सुट्टी झाली. पुढची तारीख चतुर्थीनंतरची आहे.