‘इथिओपियात राहणारे’ आणि ‘इथिओपियाचे’

इथिओपियाची राजधानी अदिस अबाबा तेवीसशे मीटरहून उंचावर वसलेलं आहे, त्यामुळे जानेवारीतली पहाट हाडं गोठवते. जान मेदाच्या मैदानावर पोचलो तेव्हा पाच वाजले होते, आणि माझ्या आधी तिथे हजारो माणसं आलेली होती. बहुतेकांच्या अंगावर ‘नेतेला’, म्हणजे पातळ पांढरं सुती उपरणं. काहींनी तर रात्र तिथेच जागून काढली होती.

हा तिमकत, येशूच्या बाप्तिस्म्याचा सण, १९ जानेवारीचा. आदल्या दुपारी गावोगावच्या चर्चमधून ताबोत बाहेर निघतात. ताबोत म्हणजे बायबलमधल्या दहा आज्ञांच्या पाटीची प्रतिकृती. ती जरीच्या वस्त्रात गुंडाळलेली असते, पुजारी ती डोक्यावर घेतात आणि सामान्य माणसानं ती उघडी पाहायची नसते. ताबोत नसेल तर इथे चर्चला चर्च म्हणत नाहीत. मिरवणुकीपुढे पोरं लाल गालिचा अंथरतात. पुजारी पुढे सरकले की मागचा गालिचा गुंडाळायचा, खांद्यावर टाकून धावत पुढे न्यायचा आणि पुन्हा अंथरायचा. किलोमीटरच्या किलोमीटर हेच चालतं. त्या पोरांचे घामेजलेले चेहरे पाहून मला वारीत पालखीपुढे रस्ता झाडणारी माणसं आठवली.

उजाडल्यावर पाणी मंत्रून लोकांवर उडवलं गेलं. शेजारच्या म्हाताऱ्या बाईंनी आपल्या ओल्या हातानं माझं कपाळ पुसलं. मी कोण, कुठला, कुठल्या धर्माचा, काही विचारलं नाही.

मला घेऊन आलेला टॅक्सीवाला मात्र मैदानाच्या कडेलाच उभा होता. तो मुसलमान. परतताना मी त्याला विचारलं, हा सण तुझाही वाटतो का? बराच वेळ तो गप्प गाडी चालवत राहिला. मग म्हणाला, “माझ्या आजोबांच्या काळी आम्हाला ‘इथिओपियात राहणारे मुसलमान’ म्हणायचे. ‘इथिओपियाचे मुसलमान’ नाही.”

घरात राहणारा आणि घरचा, यातलं अंतर मराठी माणसाला समजावून सांगावं लागत नाही. पुढचे दहा दिवस ते वाक्य माझ्यासोबत फिरत राहिलं.

इथल्या ख्रिस्ती अभिमानाचं मूळ मला मनापासून समजतं. अक्सुम या इथल्या प्राचीन राज्याचा राजा एझाना चौथ्या शतकात ख्रिस्ती झाला आणि त्याच्या नाण्यांवर चंद्रकोरीच्या जागी क्रूस आला. हा धर्म इथे कुठल्या गोऱ्या साहेबाच्या बोटीतून आलेला नाही. १८९६ साली अडव्याला इटलीच्या फौजेचा पराभव झाला तेव्हा संत जॉर्जचा ताबोत रणात नेला होता, असं इथे सगळे सांगतात. धर्म आणि स्वातंत्र्य यांची वीण अशी घट्ट बसली. सम्राट हैले सेलासींच्या १९५५ च्या राज्यघटनेत इथल्या या जुन्या ख्रिस्ती परंपरेला, म्हणजे ऑर्थोडॉक्स चर्चला, राज्याचं चर्च म्हटलं होतं.

पण इस्लामही इथे तलवार घेऊन आला नाही. मक्केत छळ झालेले पैगंबरांचे अनुयायी ६१५ च्या सुमारास अक्सुमला आले आणि ख्रिस्ती राजानं त्यांना आसरा दिला. चौदाशे वर्षं झाली. इतक्या काळानंतरही कुणाला पाहुणा म्हणायचं?

१९७४ च्या एप्रिलमध्ये मुसलमानांनी अदिसमध्ये प्रचंड मोर्चा काढला. त्याच वर्षी सम्राटांची सत्ता गेली आणि ईदला सरकारी सुट्टी मिळाली. १९९५ च्या घटनेनं धर्म आणि राज्य वेगळे केले. २००७ च्या जनगणनेत ऑर्थोडॉक्स साधारण ४३ टक्के, मुसलमान ३४ आणि ‘पेन्ते’ म्हणजे प्रोटेस्टंट १८ टक्क्यांच्या पुढे होते. पंतप्रधान आबी अहमद यांचे वडील मुसलमान, आई ऑर्थोडॉक्स, ते स्वतः पेन्ते.

अदिसमधल्या मरकातोच्या बाजारात अन्वर मशीद आणि रागुएल चर्च इतके जवळ आहेत की अजान आणि गीझ या चर्चच्या जुन्या भाषेतली प्रार्थना एकमेकांत मिसळतात. तिथेच खाटकांच्या दुकानांवर कुठे क्रूस, कुठे चंद्रकोर. एकानं कापलेलं मांस दुसरा खात नाही. लग्नात म्हणून दोन वेगळ्या चुली पेटतात आणि पाहुणे मात्र दोन्हीकडचे येतात. कॉफी सगळ्यांची एकच: पहिला कप अबोल, दुसरा तोना आणि तिसरा बरका, म्हणजे आशीर्वाद. तिसरा कप न घेता उठणं वाईट दिसतं.

सगळंच गोड नाही. अक्सुममध्ये मशीद बांधू देत नाहीत, पवित्र नगरी म्हणून. आणि हरार या जुन्या मुस्लिम शहराच्या चौकातलं मेधाने आलेम चर्च १८८७ साली, पुढे सम्राट झालेल्या मेनेलिकनं शहर जिंकल्यानंतर मशिदीच्या जागी उभं राहिलं. त्या चौकात मी बराच वेळ बसलो. दोन्ही जखमांना माणसं सरावली आहेत, पण विसरलेली नाहीत.

विमानतळावर निघताना टॅक्सीवाल्याला मी मलिक अंबरबद्दल सांगितलं. याच मुलखातून गुलाम म्हणून विकला गेलेला मुलगा, पुढे निजामशाहीचा कर्ता, खडकी वसवणारा, आज ज्याला आम्ही छत्रपती संभाजीनगर म्हणतो ते. शहराला नहरीनं पाणी आणणारा.

“मग तुमच्याकडे त्याला काय म्हणतात? तिथे राहणारा की तिथला?” त्यानं विचारलं.

त्याची कबर खुलताबादला आहे, एवढं मी सांगितलं. सिग्नलला गाडी थांबली तेव्हा त्यानं मला नाव पुन्हा उच्चारायला लावलं आणि मोबाईलमध्ये लिहून घेतलं.