शिंप्याच्या दुकानातली ऑस्सी

आज दुपारी भांडी तशीच ठेवून एर्न्स्ट लुबिचचा १९१८ चा जर्मन मूकपट पाहिला. नावाचा अर्थ 'मला पुरुष व्हायचं नाही'. जेमतेम पाऊण तासाचा.

ऑस्सी ओस्वाल्डा यातली ऑस्सी. सिगारेट ओढते, पत्ते कुटते, म्हणून घरी सतत बोलणी. त्यात काका परगावी गेल्यावर कडक पालक येतो. मग बाई काय करते? शिंप्याकडे जाऊन पुरुषी सूट शिवायला टाकते! माप घ्यायला विक्रेत्यांची जी झुंबड उडते ना, मी एकटीच खो खो हसत होते.

पुरुष झाल्यावर मात्र बॉलमध्ये, म्हणजे नाचाच्या समारंभात, धक्के खावे लागतात, कुणी वाट देत नाही. आणि तिथे तोच पालक भेटतो. दोघे झिंगतात, मुके घेतात. तो तिला पुरुषच समजतोय. १९१८ मध्ये हे! शेवट थोडा गुळगुळीत वाटला, असो.

त्याच वर्षी नोव्हेंबरात जर्मन बायकांना मताचा हक्क मिळाला. जानेवारी १९१९ ला त्यांनी मतदानही केलं.

भांडी अजून तशीच आहेत.