पाऊस कुठंय?

मातीची घरं बांधणाऱ्या नानांना काल त्यांच्या कामावरच्या माझ्या फिल्मचा रफ कट, म्हणजे पहिलं कच्चं संकलन, दाखवला. शेवटपर्यंत काही बोलले नाहीत. संपल्यावर म्हणाले, "झकास केलंयत, ताई. पण यात पाऊस कुठंय?" आणि चपला घालून चालू पडले.

तेव्हापासून डोकं ठिकाणावर नाही. नावं ठेवली असती तर भांडता तरी आलं असतं.

काय नाहीये त्यात? चिखल तुडवणारे पाय आहेत. साच्यात मातीचा थर टाकून केलेली धुम्मस आहे, तिचा आवाज तर मी जीव ओतून रेकॉर्ड केलाय. वास्तुकार लॉरी बेकरांनी रुजवलेली विटा रचायची पद्धत, रॅट-ट्रॅप बाँड, आहे: विटा कडेवर उभ्या, मधे पोकळी, साधारण २५ टक्के विटांची बचत. सिमेंटचंही आहे. चुनखडी भाजताना त्या दगडातूनच कार्बन डायऑक्साइड सुटतो, जगभरच्या त्याच्या एकूण उत्सर्जनात सिमेंटचा वाटा ८ टक्क्यांच्या आसपास. एवढं सगळं आहे, आणि म्हणे पाऊस कुठंय!

अहो, मातीचं काम चालतंच कोरड्या दिवसांत. मी काय ढग धरून आणू? हे त्यांना मनातल्या मनात रात्रभर ऐकवलं. ज्यांनी ज्यांनी पाहिलं त्यांनी कौतुक केलं. बाबांनी पाहिलं असतं तर... जाऊ दे.

सकाळी चिडूनच नानांची जुनी मुलाखत काढली. त्यात ते सांगतायत की मातीच्या भिंतीला वरून पडणाऱ्या पावसापेक्षा खालून उडणारा पाऊस खातो. पागोळ्या जमिनीवर आपटतात, शिंतोडे भिंतीच्या पायाशी बसतात, पहिली माती तिथली सुटते. म्हणून जोतं दगडाचं आणि चांगलं उंच. छप्पर भिंतीच्या बरंच पुढे. तरीही गिलावा झिजणारच, तो पुन्हा करायचा. हा सगळा तुकडा 'लांबतोय' म्हणून एडिटमध्ये उडाला होता.

पश्चिम आफ्रिकेतल्या माली देशातली जेन्ने गावची मशीद आठवली. आजची इमारत १९०७ची, मातीची. भिंतींतून लाकडं बाहेर आलेली दिसतात. दरवर्षी गाव लिंपायला जमतं, तेव्हा त्याच लाकडांवर चढतात. म्हणजे बांधतानाच दुरुस्तीची शिडी भिंतीत बसवून ठेवलेली. माझी फिल्म मात्र वास्तुशांत झाली की संपते. नानांचं खरं काम तिथून पुढे सुरू होतं, आणि मी श्रेयनामावली वर सरकवत असते.

राग अजून आहेच. बरोबर बोलणाऱ्या माणसाचा जरा जास्तच येतो.

तर आता पावसाळ्यापर्यंत थांबणं आलं. कॅमेऱ्याला रेनकव्हर, मला गमबूट, आणि चांगला धो-धो पडावा म्हणून प्रार्थना. ज्यांच्या भिंतींचं शूटिंग करायचंय त्यांना यातलं शेवटचं सांगायचं नाही. निर्मात्यांना मेल अजून केलेली नाही. "पाऊस पोस्ट-प्रॉडक्शनमध्ये घालता येईल ना?" असं उत्तर येणार, हे मला आत्ताच दिसतंय.