दार न फोडता

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. ‘इतकं भीतीचं बघता, मग खरंच टरकलात कधी?’ हा प्रश्न मला नेहमी येतो. विचारणाऱ्याला भूत किंवा कुऱ्हाड अपेक्षित असते, त्यामुळे उत्तर ऐकून चेहरा पडतो. मी टरकले ती एका घरकाम करणाऱ्या बाईला.

बीबीसीच्या ‘प्ले फॉर टुडे’ या टीव्ही-नाटकांच्या मालिकेत डिसेंबर १९७० ला ‘रॉबिन रेडब्रेस्ट’ हे जॉन बोवेन यांचं टीव्ही-नाटक लागलं. नोरा टीव्हीच्या संहितांवर काम करणारी. जुनं नातं तुटल्यावर इंग्लंडातल्या एका खेड्यात एकटीच राहायला जाते. त्या घराचं दार कुणी फोडत नाही. मिसेस व्हिगो कामाला येते, म्हणजे तिला आत घ्यायचं आपणच ठरवलेलं. फिशर नावाचे गृहस्थ जुनी खापरं शोधत फिरतात आणि वर ज्ञानही देतात. खिडकीत अर्धी गोटी सापडते. धुराड्यातून पक्षी आत येतो. खेडं म्हटल्यावर पक्षी येणारच! प्रत्येक गोष्ट अशी साधी, सांगता येण्याजोगी, त्यामुळे नोराला तक्रार करायला जागाच उरत नाही. हसून चौकशी करणाऱ्याला ‘चालते व्हा’ कोणत्या तोंडाने म्हणायचं?

‘मग निघून का जात नाही?’ हा पुढचा प्रश्न ठरलेला. अहो, निघते ना. पण गाडी बिघडते, फोन बंद पडतो. गाव तिला हाकलत असतं तर बरं झालं असतं. तिथे तिचं जरा जास्तच स्वागत होतं, आणि ते कशासाठी, हे कळायला लागलं की हात गार पडतात.

पहिल्या प्रसारणाच्या वेळी ब्रिटनमध्ये कामगारांच्या आंदोलनामुळे वीज जात होती. अनेक घरांत शेवट दिसलाच नाही, म्हणून फेब्रुवारी १९७१ मध्ये नाटक पुन्हा दाखवलं. पडद्यावर नोराचा फोन मुका झालाय आणि तुमच्या खोलीत अंधार! अशी जाहिरात पैसे देऊनही मिळाली नसती. मूळ रंगीत टेप पुढे पुसली गेली, आज उरलंय ते कृष्णधवल. मला त्याचं फारसं दुःख नाही. करड्या रंगात बाग कुठे संपते आणि रान कुठे सुरू होतं, ते कळत नाही.

शेवट सांगत नाही. बघाल तेव्हा मिसेस व्हिगोवर नजर ठेवा. फार कामसू बाई आहे.