उधाणाची लढाई: दर्याकोट आणि सातखाडी

माझ्या गोष्टीतली मोठी लढाई या आठवड्यात लिहून झाली, आणि ती कशी जुळत गेली ते सांगितल्याशिवाय राहवत नाहीये. दोन सत्ता आहेत. एक दर्याकोट, खाडीच्या तोंडावरच्या बेटावरचं राज्य, ज्यांनी वाऱ्याशी करार केलाय, त्यामुळे त्यांची अवजड जहाजं ऐन आषाढातसुद्धा समुद्रात फिरतात. दुसरी सातखाडी, म्हणजे किनाऱ्यावरची भातशेती करणारी, छोट्या होड्यांची माणसं. त्यांच्याकडे फक्त एक गावकार आहे, म्हणजे गावातर्फे देवाला साकडं घालणारा मानकरी, जो असं गाऱ्हाणं घालून पाण्याला घटकाभर थांबवू शकतो. घटकाभर म्हणजे चोवीस मिनिटं, त्यापुढे एक क्षणही नाही.

आपल्याकडे फॅन्टसी लिहायला बसलं की लगेच बर्फाचे डोंगर नि उघडी मैदानं येतात, दोन्हीकडून घोडे धावत येतात नि धडकतात. मला ते कधी आपलं वाटलंच नाही. मी देवगडकडचा, आमच्याकडे मैदान कुठे आहे, कातळाचा सडा आहे, घाटी आहे, खाडी आहे नि खडपं म्हणजे पाण्यातले खडक आहेत, आणि इथे लढाई व्हायची तर ती पाण्याला विचारूनच होणार. खऱ्या इतिहासातही तेच दिसतं ना. १६७९ ला खांदेरीला इंग्रजांची मोठी जहाजं बेटाभोवती पहाऱ्याला उभी होती, तरी मराठ्यांच्या छोट्या होड्या रात्री उथळ पाण्यातून बेटावर माणसं नि सामान पोचवत राहिल्या, वारा पडला की मोठं शिडाचं जहाज जागचं हलत नाही आणि वल्ह्याची होडी मात्र निघून जाते. गलबतं तर वल्ही मारून गुराबांना, म्हणजे मोठ्या लढाऊ जहाजांना, ओढत न्यायची. मोठं जहाज म्हणजे ताकद हे खोल समुद्रात खरं, खाडीच्या तोंडाशी नाही.

तर लढाई कधी लावायची हे मी आमच्या तांडेल काकांना विचारलं, तांडेल म्हणजे होडीचा प्रमुख. गोष्टीत जादू आहे वगैरे सगळं त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "अरे, भांगाक पाणी येवढा चढना नाय, तुझी लढाय उधाणाक लाव." भांग म्हणजे अष्टमीच्या सुमाराची कमी भरती, उधाण म्हणजे अमावस्या-पौर्णिमेची मोठी. मग हिशोब मांडला. तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची साधारण वेळ मिळते, चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, अमावस्येला नि पौर्णिमेला सव्वाअकराच्या पुढेमागे. मी मार्गशीर्षातली अमावस्या घेतली. काळोख हवाच होता, भात कापून झालेलं म्हणजे माणसं मोकळी, आणि थंडीत पहाटे मतलई वारा जमिनीकडून समुद्राकडे वाहतो तो सातखाडीच्या पाठीशी.

पण एक अडचण होती आणि मला वाटतं लढाईचा जीव तिच्यातच आहे. थंडीच्या सुरुवातीला आमच्या किनाऱ्यावर काही रात्री पाणी निळं चमकतं, पाण्यात अगदी बारीक जीव असतात, पाणी ढवळलं की ते उजळतात. काळोख्या रात्री वल्हं मारलं तर प्रत्येक वल्ह्याखाली निळी चूळ उठते, हात बुडवून काढला तर बोटांवरून उजेडाचे थेंब ओघळतात. म्हणजे तटावरचा पहारेकरी अर्ध्या कोसावरून होड्या मोजेल. मग सातखाडीवाल्यांनी काय केलं, वल्ही आत घेतली नि शीडही नाही उभारलं. मध्यरात्री ओहोटी लागल्यावर नुसते पाण्याबरोबर वाहत निघाले, तीनशे होड्या, कोणी खोकायचं नाही, मागे फक्त सुकाणूवर एकेक माणूस.

खडपांपर्यंत येता येता पाणी इतकं उतरलं की पुढच्या होड्यांचे तळ घासायला लागले. तिथे गावकाराने गाऱ्हाणं घातलं. पाणी थांबलं. त्या घटकेत होड्या खडपावरून पार झाल्या, शेवटच्या सतरा राहिल्या त्या राहिल्याच, कारण चोवीस मिनिटं म्हणजे चोवीस मिनिटं.

जादूला किंमत असली पाहिजे असं मला मनापासून वाटतं, आणि ती किंमत जादूच्याच जातीची असली पाहिजे. अडवलेलं पाणी कुठेतरी जाणार ना? ते सुटलं ते असं सुटलं की ओहोटी कोणी कधी पाहिली नव्हती इतकी खाली गेली. दर्याकोटाची जहाजं नेहमीच्या सुकतीचा, म्हणजे ओहोटीला पाणी किती उतरतं त्याचा, अंदाज घेऊन नांगरलेली, पहाटे ती चिखलात बसली नि कलली, एका बाजूच्या तोफा आभाळाकडे, दुसऱ्या बाजूच्या चिखलात. सरखेल, म्हणजे त्यांचा आरमारप्रमुख, वाऱ्याला हाका मारतोय, वारा येतोय, शिडं टम्म फुगतायत आणि जहाज जागचं हलत नाही. मी जहाजं जाळली नाहीत मुद्दाम. फेब्रुवारी १७५६ मध्ये विजयदुर्गाला तुळाजी आंग्र्यांचं आरमार जळालं, एका जहाजाला लागलेली आग एकमेकांजवळ उभ्या असलेल्या सगळ्यांवर गेली. किल्ल्यावर उभं राहून वाघोटन खाडीकडे बघताना ते मनात आलं की आजही पोटात कालवतं, माझ्या गोष्टीत मला ते परत बघायचं नव्हतं.

सूर्य वर येईपर्यंत दर्याकोटाने निशाण उतरवलं. पण दुपारची भरती राहिली होती. उतरलेलं पाणी तितकंच वर चढलं, खाडीतून आत घुसलं, उघाडीची, म्हणजे बांधातल्या पाणी सोडायच्या मोरीची, दारं मोडली, बांध फुटला आणि सातखाडीची सगळी जमीन खाऱ्या पाण्याखाली गेली. अशी जमीन लगेच भात देत नाही, पावसाने मीठ धुऊन निघावं लागतं आणि त्यालाही पावसाळे जातात. जिंकलेली माणसं होड्यातून ओरडत गाणी म्हणत परत आली तर बायका कमरेइतक्या पाण्यात उभ्या राहून बियाण्याचे कणगे वाचवत होत्या. हे दृश्य लिहिताना मी बराच वेळ अडलो. गावकाराला हे आधीच माहीत होतं की नाही? मी ठरवलंय की होतं, आणि त्याने ते कोणालाच सांगितलं नव्हतं.

त्यामुळे पुढच्या भागात तह आहे. सातखाडीने खंडणीत सोनं मागितलंच नाही. पहिलं कलम हे की दर्याकोटाने चारशे गवंडी द्यायचे, बांध उभा राहीपर्यंत, आणि दुसरं, गावकाराचं काय करायचं हे त्या बायका ठरवणार.